आपल्याच क्रॉफर्ड मार्केटात गाईड घेऊन? (मुंबईतले जुने बाजार आणि 'बाजार वॉक')

सुलभा_ठाणे
मंडळी, घरात सध्या दोन तट पडलेत म्हणून हा धागा.

डिसेंबरात नणंद, तिचा नवरा आणि त्यांची दोन मुलं (वय १४ आणि १७) टोरांटोहून येतायत. मुलांनी तिकडे बसूनच शोधून ठेवलंय: मुंबईच्या जुन्या बाजारांची गाईडसकट पायी सफर. क्रॉफर्ड मार्केट, मंगळदास, झवेरी बाजार, भुलेश्वर. साडेतीन तास, माणशी अडीच हजार. आम्ही सगळे गेलो तर तेवढ्या पैशांत मंगळदासमधून घरच्या सगळ्यांचे कपडे होतील. सासूबाई म्हणतात, "तीन मुलींच्या लग्नांचे बस्ते मी तिथे बांधले, आता मला तोच बाजार दाखवायला पैसे देऊन माणूस आणणार?" नवरा म्हणतो, देऊन टाका, डोक्याला ताप नको.

माझं स्वतःचं मत होत नाहीये. तिथे माझं जाणं म्हणजे यादी घेऊन जायचं, घासाघीस करायची, पिशव्या सांभाळत सीएसएमटी गाठायचं. पोरांनी "ही बिल्डिंग कुणी बांधली?" विचारलं तर माझी विकेट पहिल्याच चेंडूवर जाणार.

कुणी अशी सफर केली आहे का? पैसे वसूल होतात का? आणि आपणच फिरवायचं ठरवलं तर कुठून कुठे जावं?

पेठेतला_पाहुणा
आत न्यायला गाईड मिळतो हे कळलं. संक्रांतीच्या आदल्या दिवशी तुळशीबागेतून बायकोला बाहेर काढायला मिळतो का? दुप्पट देईन.

नीरजा_के
मी केली आहे, ऑफिसच्या जर्मन पाहुण्यांबरोबर. खर्च ऑफिसचा, त्यामुळे "वसूल" शब्दावर माझा फारसा अधिकार नाही :-)

आमची गाईड चांगली होती. तिने थेट आत नेलंच नाही. आधी रस्त्यापलीकडे उभं केलं आणि दारांवरची कोरीव शिल्पं दाखवली: शेतकरी, बाजारहाट करणारी माणसं. ती लॉकवूड किपलिंगची. हे गृहस्थ तिथून हाकेच्या अंतरावर असलेल्या जे.जे. स्कूलमध्ये शिकवायचे, आणि त्यांचा मुलगा रुडयार्ड ('जंगल बुक'वाला) त्याच आवारात १८६५ मध्ये जन्मला. आत त्याच काळातलं एक कारंजं आहे. गाळ्यांच्या आणि खोक्यांच्या गर्दीत ते आपलं आपल्याला सापडेल असं वाटत नाही.

मला सगळ्यात आवडली ती जुम्मा मशीद. मंगळदासला अगदी खेटून आहे. बाहेरून दुकानांची रांग दिसते, आणि आत चक्क तळं, दगडी पायऱ्यांचं, मासे असलेलं. तळ्यातून कमानी उठतात आणि वरची इमारत त्यांवर तोललेली. गाईडने आधी परवानगी काढली होती म्हणून आम्हाला जाता आलं. एकटी गेले असते तर दारात विचारायचंही धाडस झालं नसतं.

पण मंगळदास तिने दहा मिनिटांत उरकलं. "इथे कापड मिळतं", झालं, पुढे चला. मी एक साऊथ कॉटन हातात घेऊन उभी, आणि ती लांबून छत्री हलवतेय.

काळबादेवीकर
मी या भागात ठोक कापडाच्या पेढीवर हिशेब बघतो. आयुष्य तिथेच गेलं. माझं मत कडू लागेल.

सकाळी साडेअकरा ते दीड ही आमची मालाची वेळ. गल्लीची रुंदी ती केवढी, त्यात हातगाडीवर गाठोडी लादलेली, पुढे एक माणूस ओढतोय, मागे दोघं रेटतायत. गाडी एकदा थांबली की पुन्हा हलवायला जीव जातो. आणि नेमकी त्याच वेळी पंधरा-वीस माणसांची टोळी गोल करून मध्ये उभी. गाईड इतिहास सांगतोय, मागे माथाडी ओरडून ओरडून थकला. वर त्याचेच फोटो. घामाने निथळणारा माणूस, दात आवळलेले, आणि समोर कॅमेरा. विचारलं कुणी त्याला?

आणि बघतात काय, तर इमारत. मूळजी जेठा मार्केट १८७४ चं, देशातल्या मोठ्या ठोक कापड बाजारांपैकी एक. आत कित्येक गल्ल्या, आणि पेढीवर अजूनही पांढरी गादी, तक्क्याला टेकून शेठ. नवा माणूस चप्पल काढून गादीवर बसला की समजायचं सौदा आहे. उभ्या उभ्या भाव विचारणाऱ्याला कुणी भाव देत नाही (दोन्ही अर्थांनी). दलाल सँपलचा ताका उलगडतो, शेठ बोटांनी चोळून बघतो, उधारी किती दिवसांची आणि वटाव (सूट) किती टक्के यावर अर्धा तास जातो. संध्याकाळी आंगडिया (खाजगी कुरियरवाला) येऊन पाकिटं घेऊन जातो, सुरतेला सकाळी पोच. हे छत्रीमागून चालणाऱ्याला काय दिसणार?

सुलभाताई, सासूबाईंचं ऐका. बाजार विकत घेणाऱ्याला दिसतो, बघणाऱ्याला नाही.

बे_एरिया_बंड्या
काळबादेवीकर, वाक्य खिशात घातलं. बायकोला ऐकवणार नाही मात्र, ती "बघणं" बंदच करेल.

आमच्या पोरांचा अनुभव: इमारती पाचव्या मिनिटाला कंटाळवाण्या झाल्या. अख्ख्या ट्रिपमध्ये लक्षात काय राहिलं, तर बादशाहचा फालुदा, आणि लोहार चाळीत डोक्यावर झुंबर घेऊन पळणारा माणूस.

एक महत्त्वाचं, जे कुणी लिहीत नाही. साडेतीन तास म्हणजे स्वच्छतागृहाचं काय? चांगल्या गाईडचा अर्धा उपयोग तिथेच आहे. बुक करण्याआधी हा प्रश्न विचारा. उत्तर "ऑन द वे आहे" असं आलं तर समजून जा.

जुना_दप्तरी
पहिल्या चेंडूपुरती शिदोरी देतो.

आर्थर क्रॉफर्ड मुंबईचा पहिला म्युनिसिपल कमिशनर, १८६५ पासून. बाजाराची इमारत १८६९ ची, वास्तुरचनाकार विल्यम इमर्सन. याच इमर्सनने पुढे कोलकात्याचं व्हिक्टोरिया मेमोरियल रचलं. क्रॉफर्डने शहरात रस्ते, गटारं, बाजार असा कामांचा धडाका लावला आणि खर्च इतका वाढवला की १८७१ मध्ये करदात्यांनी ओरड करून त्याला जायला लावलं.

पुढची गोष्ट गाईड सहसा सांगत नाहीत. हाच क्रॉफर्ड नंतर पुण्याकडे मध्य विभागाचा कमिशनर झाला आणि १८८८ मध्ये लाचखोरीच्या प्रकरणात सापडला. मामलेदारांकडून बदली-बढतीसाठी पैसे घेतल्याचे आरोप. मामलेदारांनी माफीच्या आश्वासनावर साक्षी दिल्या, आणि नंतर त्यांच्यावरच बालंट आलं. तेव्हा त्यांची बाजू लावून धरणाऱ्यांत तरुण टिळक पुढे होते. तर ज्या माणसाचं नाव आपण इतक्या प्रेमाने घेतो तो असा. कागदोपत्री बाजाराचं नाव कधीच महात्मा जोतिबा फुले मंडई झालंय. टॅक्सीवाल्याला ते सांगून बघा.

पेठेतला_पाहुणा
दप्तरीकाका, थांबा. महात्मा फुले मंडई एकच, ती पुण्यात. बाकी शाखा.

जुना_दप्तरी
पुण्याचं निघालंच आहे तर ऐका. तुमची मंडई १८८६ ची, तेव्हाचं नाव रे मार्केट, गव्हर्नर लॉर्ड रे यांच्यावरून. जोतीराव फुले त्याआधी पुणे नगरपालिकेचे सभासद होते, आणि एवढा पैसा मंडईच्या इमारतीवर घालण्यापेक्षा शिक्षणावर घाला असं म्हणून त्यांनी विरोध केला होता. नाव शेवटी त्यांचंच लागलं. दोन्ही शहरांत.

पेठेतला_पाहुणा
हे माहीत होतं. तुम्हाला माहीत आहे का ते बघत होतो.

मसाला_डंक
सगळ्यांचे प्रतिसाद वाचले. एक गोष्ट खटकतेय. या सगळ्या सफरी क्रॉफर्ड ते भुलेश्वर एवढ्याच का? ते बाजार मोठेच आहेत, वाद नाही. पण गिरणगावातल्या घरांतला बाजार कुठे आहे त्यात?

पहाटेचा दादर फूलबाजार घ्या. पाचच्या सुमाराला पुलाजवळ झेंडूच्या गोण्या उतरत असतात, शेवंती आणि निशिगंध किलोवर, गुलाबाच्या जुड्या वर्तमानपत्रात. दसऱ्याच्या आदल्या रात्री तर पाय जमिनीला लागत नाही, लोकच आपल्याला पुढे नेतात. सात-आठपर्यंत ठोकवाल्यांचं आवरत आलेलं असतं.

आणि लालबागची मिरची गल्ली! मार्च ते मे. बायका घरून डबे आणि यादी घेऊन येतात. आधी मिरची निवडायची: रंगाला बेडगी आणि काश्मिरी, तिखटाला संकेश्वरी नाहीतर लवंगी. प्रमाण प्रत्येक घराचं वेगळं आणि ते शेजारणीला सांगायचं नाही. मग धणे, दगडफूल, नागकेशर, जायपत्री, त्रिफळं. देठं खुडून, भाजून घेऊन डंकावर लावायचं. ते लोखंडी मुसळ वर जाऊन धाडकन खाली येतं आणि बाजूला बसलेला माणूस दोन ठोक्यांच्या मध्ये हात घालून मसाला वर-खाली करतो. बघणाऱ्याच्या पोटात गोळा येतो, तो मात्र शेजारच्याशी मॅचच्या गप्पा मारत असतो. नाका-डोळ्याला पदर लावून बाया डंकासमोरून हलत नाहीत, कारण आपला मसाला दुसऱ्याच्या मसाल्यात मिसळला तर वर्षभराची आमटी बिघडली.

याची सफर काढा कुणीतरी. नाक-डोळे पुसायला रुमाल मी देते.

सुलभा_ठाणे
मसाला_डंक, वाचतानाच शिंक आली! पण पाहुणे डिसेंबरात येतायत.

मसाला_डंक
मग चिवडा गल्ली. लालबागलाच. तिला मोसम नाही. पोरं ट्रेमधून उचलून चव बघत बघत गल्ली पार करतील, जेवणाचा खर्च वाचेल.

आर्या८९
इतका वेळ नुसती वाचत होते. आता लिहावंच लागेल, कारण ती छत्रीवाली मी नसले तरी माझ्याच जातीची आहे. नोकरी सांभाळून शनिवार-रविवार मी बाजारांचे वॉक घेते. (जाहिरात करत नाहीये, संपर्क देणार नाही, धागापालांनी श्वास सोडावा.)

काळबादेवीकरांचा राग रास्त आहे. वीस जणांचा गट त्या गल्लीत नेणं हा आडमुठेपणा. मी आठांच्या वर घेत नाही, आणि गोष्ट सांगायची ती गल्लीत नाही. एखाद्या देवळाच्या ओट्यावर किंवा चाळीच्या चौकात. माणसाचा फोटो विचारल्याशिवाय काढायचा नाही हे निघतानाच सांगते. तरी काढतात. मग मी त्यांच्याच तोंडासमोर मोबाईल धरते. औषध लागू पडतं.

पण "बाजार विकत घेणाऱ्याला दिसतो" हे अर्धंच खरं. झवेरी बाजारात दागिना घेणाऱ्याला काच, एसी आणि चहा दिसतो. मागच्या बोळात, माडीवर, छोट्याशा खोलीत मांडी घालून बसलेले बंगाली कारागीर त्याला कधी दिसत नाहीत. सकाळी दुकानं उघडायच्या आत येणारे झारेकरी दिसत नाहीत. हे लोक गल्लीतली धूळ ब्रशने गोळा करतात, अगदी फरशीच्या फटींतून, उंबऱ्याखालून. घमेल्यात पाणी घालून ती गोल गोल फिरवतात, हलकं ते वाहून जातं, जड कण तळाशी. कारागिरांच्या कपड्यांतून, चपलांतून झडलेलं सोनं असतं त्यात. कारखान्यातला केर तर फुकट मिळतच नाही, तो विकत घ्यावा लागतो. हे बघायला खरेदी करून चालत नाही, सात वाजता यावं लागतं.

भुलेश्वरला मी पांजरपोळात नेते. भर बाजारात गोठा! १८३४ चा. त्याआधी १८३२ मध्ये कंपनी सरकारने मोकाट कुत्री मारायचा हुकूम काढला आणि त्यावरून कोटात (फोर्ट भागात) दंगल झाली होती. मग जमशेटजी जीजीभॉय आणि मोतीचंद अमीचंद यांनी पुढाकार घेऊन मुक्या जनावरांसाठी ही सोय केली. आजही लोक पैसे देऊन चाऱ्याची जुडी घेतात आणि गाईंना भरवतात. परदेशातली मुलं इथून हलत नाहीत.

तिथून जवळच देवांच्या पोशाखांची दुकानं. बाळकृष्णाचे कपडे नंबरावर मिळतात. बाई पर्समधून मूर्ती काढते, काउंटरवर ठेवते, दुकानदार नुसतं बघून सांगतो "दोन नंबर". थंडीत लोकरीचे स्वेटर आणि कानटोप्यासुद्धा. सुलभाताई, डिसेंबरात नक्की दिसतील.

बे_एरिया_बंड्या
देवाला स्वेटर नंबरावर मिळतो आणि मला एक्सएल म्हणून दिलेला तिकडे एम निघतो.

कोकणस्थ_कावळा
भुलेश्वरचा विषय निघाला आणि कबुतरखान्याबद्दल कुणीच बोलत नाही? फुप्फुसाचे आजार, उच्च न्यायालय, दादरची ताडपत्री...

धागापाल
कबुतरांसाठी वेगळा धागा आहे, तिथे आधीच पुरेसे दाणे पडलेत. इथे बाजारावर बोला.

वाशीवाला
मी वाशीच्या फळबाजारात गाळ्यावर असतो. क्रॉफर्डवर एवढं प्रेम उतू चाललंय म्हणून सांगतो, खरा बाजार तिथून कधीच हलला. कांदा-बटाटा १९८१ मध्ये आला, फळं आणि भाजीपाला १९९६ मध्ये. क्रॉफर्डला आता आहे ती फळांची किरकोळ विक्री, सुका मेवा, बाहेरची चॉकलेटं, केक-पार्टीचं सामान. मांडणी सुंदर असते, नाकारत नाही. पण आंब्याची पेटी फुटते ती आमच्याकडे.

हापूसच्या मोसमात पहाटे या. आमच्यात जुनी रीत आहे, हत्ता पद्धत. विकणारा आणि घेणारा, दोघांचे हात रुमालाखाली. बोटं दाबून भाव सांगायचा. इतकी बोटं धरली म्हणजे इतके, सगळा पंजा म्हणजे पाच. तोंडाने एक अक्षर नाही, चेहरा मख्ख. बाजूला उभा असलेल्याला काही कळत नाही. पर्यटकांना भारी मजा वाटते. शेतकऱ्याला मजा वाटत नाही, कारण त्याच्या पेटीचा भाव दोन माणसांच्या बोटांत ठरतो आणि त्याला कागदावर कळतो. उघड लिलाव हवा ही ओरड म्हणूनच आहे, आणि ती रास्त आहे. मी गाळेवाला असून सांगतो.

नीरजा_के
वाशीवाला, याबद्दल वेगळा लेख लिहा, प्लीज.

वाशीवाला
मोसम संपू दे. तूर्त पेट्यांवरच नावं लिहितोय.

अश्दोदचा_रेवदंडेकर
नमस्कार. मी इस्रायलमधून लिहितोय, आम्ही बेने इस्रायली, म्हणजे कोकणातले मराठी ज्यू. वडील सत्तरच्या दशकात इकडे आले, घरात अजून मराठी.

बाजारांच्या सफरी मशीद बंदरच्या आसपासूनच जातात, म्हणून एक भर घालतो. मशीद स्टेशनचं नाव मुसलमानांच्या मशिदीवरून आलं असं बहुतेकांना वाटतं. ते आमच्या प्रार्थनामंदिरावरून आलंय. सॅम्युएल स्ट्रीटवर १७९६ मध्ये सॅम्युएल दिवेकर यांनी शहरातलं पहिलं सिनेगॉग बांधलं, लोक त्याला जुनी मशीद म्हणत. आमची आजी तिथून पायधुणीच्या तांबाकाट्यावर भांडी घ्यायला जायची. तिने आणलेला तांब्याचा हंडा आमच्याकडे अजून आहे, आता त्यात छत्र्या ठेवतो.

गेल्या भेटीत मी पैसे देऊन अशीच सफर घेतली. गाईड भला मुलगा, पण सिनेगॉगच्या गल्लीच्या तोंडाशी येऊन सरळ पुढे गेला. मी म्हटलं, बाबा, दोन मिनिटं डावीकडे वळ. तो म्हणाला, "अंकल, तिकडे काही नाही."

जुना_दप्तरी
रेवदंडेकर, हा प्रतिसाद या धाग्याचं सोनं आहे. झारेकऱ्याला न सापडलेलं.

आर्या८९
"तिकडे काही नाही" हे वाक्य आमच्या धंद्यातल्या लोकांनी भिंतीवर लावून ठेवायला हवं. पुढच्या वेळी या, डावीकडे वळू.

काळबादेवीकर
आर्याताई, आठ जणांचा गट आणि ओटा, हे चालेल. साडेअकराच्या आत किंवा तीननंतर आणा, आमच्या गल्लीत कुणी काही म्हणणार नाही. पण एक विचारतो, राग मानू नका. गाईड दुकानात नेतात तेव्हा कमिशन असतं की नाही?

आर्या८९
असतं. सगळ्यांचं नाही, पण असतं, विशेषतः मसाले, शाली आणि "अँटिक"वाल्यांकडे. ओळखायचं कसं? गाईड एकाच दुकानात बसवून चहा मागवतो, आणि तिथे भावाची पाटी नसते. दुसरी खूण: बाहेर पडल्यावर तो पाच मिनिटं मागे राहतो. मी घेत नाही. घेतलं असतं तर शनिवारी नोकरीचं मेल बघत बसले नसते.

चोर बाजाराबद्दलही इथेच सांगते, पुढचा प्रश्न तोच येणार. मटण स्ट्रीटची दुकानं शुक्रवारी बंद असतात, आणि त्याच शुक्रवारी पहाटे रस्त्यावर जुम्मा बाजार भरतो, टॉर्च लावून. दिवसा दिसणारे जुने ग्रामोफोन, जहाजावरचे दिवे, पितळी होकायंत्रं यांतलं बरंचसं आता जुन्यासारखं दिसणारं नवं आहे. व्हिक्टोरिया राणीचं व्हायोलिन जहाजावरून चोरीला गेलं आणि इथे सापडलं, ही कथा प्रत्येक गाईड सांगतो. मीही सांगते, पण दंतकथा म्हणून. शेजारच्या भेंडी बाजाराचा १६.५ एकरांचा पुनर्विकास सुरू आहे, जुन्या चाळी जाऊन टॉवर येतायत. ज्यांना तो भाग बघायचाय त्यांनी फार थांबू नये.

कोकणस्थ_कावळा
माझा मुद्दा वेगळा आहे (कबुतरं नाहीत). हमाली करणाऱ्याकडे अडीच हजार देऊन बघायला जाणं मला बरं वाटत नाही. सफरीचा पैसा त्याच्यापर्यंत किती पोचतो? शून्य.

वाशीवाला
हमाल म्हणजे बिचारा हे तुमच्या डोक्यातलं चित्र. १९६९ चा माथाडी कायदा आहे, अण्णासाहेब पाटलांनी युनियन बांधून लढून मिळवलेला. नोंदणी असेल तर मजुरी मंडळातून मिळते, भविष्यनिर्वाह निधी, रजा. माझे काका माथाडी होते, तेवढ्यावर तीन पोरं शिकवली. बिननोंदणीचे हाल होतात हे खरं, आणि ते वाढतायत. पण लाज वाटण्यापेक्षा सफरीत हा कायदा सांगायला लावा. तासभर गॉथिक कमानी ऐकता, त्यात पाच मिनिटं हे.

आर्या८९
घेतलं. शनिवारपासून.

काळबादेवीकर
क्रॉफर्डच्या पाटीवाल्यांचंही सांगा. बिल्ला असलेला पाटीवाला घ्या, पैसे आधी ठरवा, आणि सामान त्याच्या पाटीत टाका. त्याच्याइतकं मार्केट कुणाला ठाऊक नसतं. कुठल्या गाळ्यावर खजूर ताजा, कुठला दुकानदार तराजूवर हात ठेवतो, सगळं. गाईड म्हणाल तर खरा तोच.

नीरजा_के
मागच्या बाजूच्या पक्ष्यांच्या गाळ्यांकडे मुलांना नेताना मात्र विचार करा. आमच्या पाहुण्यांना ते बघवलं नाही. आणि पिंजऱ्यातला देशी पोपट कुणी दाखवलाच तर १९७२ च्या वन्यजीव कायद्याने त्याची विक्री गुन्हा आहे, हे विकणाऱ्यालाही ठाऊक असतं. म्हणूनच तो आवाज खाली करून बोलतो.

सुलभा_ठाणे
सगळ्यांचे आभार, एवढे प्रतिसाद येतील वाटलं नव्हतं. काल रात्री सासूबाईंना अख्खा धागा मोठ्याने वाचून दाखवला. काळबादेवीकरांवर त्या बेहद्द खूश. रेवदंडेकरांच्या आजीची भांडी ऐकून म्हणाल्या, "तांबाकाट्यावर मीही जायची, वजनावर घ्यायची भांडी, नक्षीला पैसे नाहीत द्यायचे."

तर ठरलं असं: सकाळी लवकर लहान गटाची सफर, क्रॉफर्ड, जुम्मा मशीद, झवेरी बाजार. झारेकरी दिसले तर उत्तमच. मुंबादेवीचं दर्शन, आणि जेवण भगत ताराचंदला. तीननंतर गाईडला निरोप आणि मंगळदासचा ताबा सासूबाईंकडे. नवरा गुडघ्यांचं कारण सांगून त्यांना घरी ठेवू बघत होता, त्याला उत्तर मिळालं: "गुडघे सिनेमाला दुखतात, बाजारात नाही."

मंगळदाससाठी त्यांनी मला लिहून घ्यायला लावलंय, तसंच्या तसं देते:

"पहिल्या दुकानात नुसता भाव विचार, घेऊ नको. दुसऱ्यात कापड हातात घे, भाव विचारू नको. तिसऱ्यात दोन्ही कर. पन्हा विचारल्याशिवाय मीटर सांगू नको, छत्तीसचा पन्हा असेल तर ब्लाऊजला वेगळं लागतं, चव्वेचाळीसला वेगळं. ट्यूबलाइटच्या उजेडात रंग ठरवायचा नाही, दारापर्यंत नेऊन बघायचा. दुकानदार नाही म्हणाला तर त्या दुकानातून उठायचं. फाडण्याआधी टोक बघ, बाहेरच्या घडीला ऊन लागून रंग उडालेला असतो. रविवारी जाऊ नको, बंद असतं. आणि 'तुमच्यासाठी म्हणून' असं तो म्हणाला की अजून वीस टक्के आहेत."

काळबादेवीकर
आईंना नमस्कार सांगा. आणि कुठल्या दिवशी येणार तेही सांगा, आमच्या गल्लीत आधी सावध करून ठेवतो.

आर्या८९
सासूबाई शनिवारी मोकळ्या असतात का? मानधन देईन.

मिरा_रोडची_मीरा
धागा उशिरा वाचला, वाचनखूण साठवली. आम्हालाही जायचंय, आठ-दहा जण, सोबत लहान बाळ आणि बाबागाडी. कार कुठे लावायची? क्रॉफर्डजवळ पे अँड पार्क मिळेल का?

बे_एरिया_बंड्या
:-) :-) :-)

काळबादेवीकर
ताई, कार विसरा. मेट्रो तीनचं काळबादेवी स्टेशन आता सुरू आहे, नाहीतर सीएसएमटी किंवा मरीन लाइन्सहून चालत या. बाबागाडीही नको, हातगाड्यांनाच वाट मिळत नाही. बाळाला कडेवर घ्या.

पेठेतला_पाहुणा
आणि झोपलं तर पाटीवाला आहेच. पैसे मात्र आधी ठरवा.